चुलीचा धूर आणि घराला बसणारा वास: गावच्या घरात नव्याने राहायला येणाऱ्यांसाठी

गणपतीला आलेली माणसं परत निघताना बॅगा भरतात, तेव्हा दरवर्षी एक वाक्य ऐकू येतं. "सगळ्या कपड्यांना धुराचा वास लागलाय, हे असेच न्यायचे?" आणि आतून कुणीतरी म्हणतं, "राहू दे गो, बरा वाटतो." चार दिवसांपुरता तो बरा वाटतोच. पण आता आमच्या वाडीत मुंबई-पुण्याहून कायमची परतलेली चार-पाच घरं आहेत. त्यांच्या उशीला वास, पडद्यांना वास, झाकण विसरलं तर दुधाला वास, आणि पावसात भिंतींना वास. मग मला विचारतात, "काकू, काय फवारायचं?"

फवारायचं काही नाही. वासाचं मूळ बहुतेक वेळा फाट्यांच्या, म्हणजे जळणाच्या लाकडांच्या, खोपीत असतं, त्याखालोखाल छपरात. भिंत सगळ्यात शेवटी. मी आठ वर्षांपूर्वी ठाण्याहून राजापूर तालुक्यातल्या सासरच्या घरी राहायला आले आणि नेमकी उलटी गेले: आधी भिंती धुतल्या, मग छपराचं काम काढलं, आणि फाटी ओली आहेत हे शेवटी कळलं. तुम्ही सुलट जा.

आधीच एक सांगून ठेवते. रोजचा स्वयंपाक गॅसवर करा. आमचाही गॅसवरच होतो. चूल आहे ती आंघोळीच्या पाण्याला, भाकरीला, पेजेला आणि सणासुदीच्या मोठ्या टोपांना. घरात कोंडणाऱ्या धुराने जगभरात २०२० साली सुमारे ३२ लाख माणसं अकाली गेली, असा जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज आहे. हायवेवर 'चुलीवरचं जेवण' अशी पाटी वाचून गाडी थांबवणाऱ्यांना हे आठवत नाही, आणि चुलीपुढे तीस वर्षं बसलेल्या बाईचा खोकला त्यांना ऐकूही येत नाही.

पहिली पायरी: वास ओळखायला शिका

'धुराचा वास' असा एकच वास नसतो. चुलीत काय चाललंय ते नाकाला डोळ्यांआधी कळतं, फक्त सवय हवी.

सुकं लाकूड चांगला जाळ धरून जळत असेल तर वास फारसा येत नाही. आलाच तर ऊबदार, किंचित गोडसर, काहीतरी भाजल्यासारखा. लाकडात लिग्निन नावाचा पदार्थ असतो. तो तापून फुटला की ग्वायाकॉल आणि सिरिंगॉल ही द्रव्यं सुटतात, आणि आपण ज्याला 'चुलीची चव' म्हणतो ती मुख्यतः यांची. व्हॅनिलाच्या वासाचं व्हॅनिलिनही त्यातून थोडं निघतं, म्हणून तो गोडसरपणा.

आंबूस, नाकात चढणारा, डोळ्यांतून पाणी काढणारा वास आला तर लाकूड ओलं आहे. तो आंबटपणा उगाच भासत नाही. व्हिनेगरमध्ये असतं तेच ॲसिटिक आम्ल अर्धवट जळणाऱ्या लाकडातूनही बाहेर पडतं. डोळे झोंबतात ते धुरातल्या फॉर्माल्डिहाइड, ॲक्रोलिन अशा वायूंमुळे.

कडवट, डांबरासारखा वास म्हणजे चुलीला हवा कमी पडते आहे आणि लाकूड नुसतं धुमसतंय. घराला बसतो तो मुख्यतः हा वास. या धुरात तेलकट, चिकट थेंब असतात. गार भिंतीला, कापडाला, केसांना लागले की तिथेच गोठतात. तव्यावरचं तेल सांडून राहावं तसे ते महिनोन् महिने राहतात आणि हवा दमट झाली की पुन्हा वास सोडतात.

घशाला ओरबाडणारा, रसायनासारखा वास आला तर चुलीत लाकूड नसलेलं काहीतरी गेलेलं आहे. ताबडतोब बाहेर काढा.

पाचवी गोष्ट म्हणजे वासच न येणं. तिच्याबद्दल पुढे स्वतंत्र लिहिते, कारण ती सर्वांत वाईट.

आपल्या घराचा वास आपल्याला कळत नाही, हीही एक अडचण. पंधरा-वीस मिनिटांत नाक सरावतं. खरं काय ते बघायचं असेल तर सकाळी बाजारात जाऊन या आणि दार उघडल्याबरोबर पहिला श्वास घ्या. नाहीतर शहरातून आलेल्या भाचीला विचारा, ती तोंडावर सांगेल.

दुसरी पायरी: फाटी

नुकत्या तोडलेल्या लाकडाचं अर्ध्याच्या आसपास वजन पाण्याचं असू शकतं. असं दहा किलो लाकूड चुलीत घातलं तर त्यातलं चार-पाच किलो पाणी आधी उकळून जावं लागतं. तेवढा वेळ आग थंड राहते. धुरातले वायू नीट जळायला साधारण ६०० अंश सेल्सिअसच्या वरची धग लागते, ती मिळत नाही आणि ते न जळता तुमच्या पडद्यांवर जाऊन बसतात. धूर म्हणजे जळायचं राहून गेलेलं सरपणच. पैसे देऊन आणलेलं.

चांगल्या फाट्यात ओल वीस टक्क्यांच्या आत असावी. यंत्र मिळतं, पण त्याची गरज नाही. दोन फाटी एकमेकांवर आपटा. सुकी असतील तर टणत्कार येतो, ओली असतील तर 'थप' असा मेलेला आवाज. तोडलेल्या टोकाला चाकाच्या आऱ्यांसारख्या भेगा पडलेल्या असाव्यात, साल नखाने सुटावी. आणि सर्वांत खात्रीचं म्हणजे काटा. हुकाचा काटा घ्या, एका फाट्याला खडूने खूण करा, दर रविवारी तेच फाटं तोला. वजन उतरायचं थांबलं की सुकलं.

कोकणात यासाठी दिनदर्शिका ठरलेली आहे. माघ-फाल्गुनात छाटणी आणि फोड, चैत्र-वैशाखाच्या उन्हात सुकवण, आणि मृगाच्या आत, म्हणजे ७ जूनच्या आधी, सगळं खोपीत. इथे पाऊस वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पडतो. एकदा धरला की काही सुकत नाही. मनगटापेक्षा जाड लाकूड उभं फोडूनच सुकवायचं, कारण सालीतून पाणी बाहेर यायला फार वेळ लागतो. रचताना खाली दोन वासे किंवा जांभे टाका म्हणजे जमिनीची ओल चढत नाही. वर पत्रा किंवा नारळाच्या विणलेल्या झावळ्यांची झापं हवीत, पण बाजू उघड्या. नव्याने आलेली माणसं निळी ताडपत्री चारी बाजूंनी घट्ट बांधतात आणि आत लाकूड घामेजून बुरसतं. बुरशीच्या लाकडाच्या धुराला वेगळाच कुबट वास येतो, तो मला तरी ओल्या लाकडापेक्षा नकोसा वाटतो.

श्रावणात खोपीतलं सुकं लाकूडही हवेतली ओल ओढून घेतं. म्हणून दोन दिवसांची फाटी नेहमी आत, चुलीच्या उबेत ठेवायची. जुन्या घरांत चुलीच्या वर फळी टांगलेली दिसते ती त्यासाठी. नवी टांगणार असाल तर हात पुरेल एवढी खाली आणू नका. जाळ उफाळला की वरची फाटी पेटतात.

झाडांचं म्हणाल तर आमच्याकडे पहिला मान आईनाला आणि किंजळीला. जड लाकूड, निखारा टिकतो, धूर कमी. घाटावर हाच मान बाभळीला. किनारपट्टीला सुरू मिळाला तर सोडू नका, तो थोडा ओला असला तरी जळतो. अलीकडे आकेशिया सगळीकडे झालाय. झाड म्हणून मला तो आवडत नाही, पण जळण म्हणून तक्रार नाही. आंबा आणि फणस मध्यम, मात्र ओला आंबा धूर फार करतो. सागाच्या ढलप्या पटकन पेट घेतात, म्हणून सुरुवातीला दोन-तीन पुरतात. निलगिरीला तेलाचा औषधी वास असतो. पाणी तापवायला चालेल, त्यावर भाकरी भाजू नका. नारळाच्या करवंट्या धगीला जोरदार पण काजळी करतात. सोडणं, म्हणजे नारळाची वरची सालं, धुमसतात, म्हणून त्यांची जागा गोठ्यात, डासांच्या धुराला.

आपल्याच जमिनीतलं झाड असलं तरी थांबा. आईन, खैर, साग, आंबा, फणस यांसारखी झाडं तोडायला महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियम, १९६४ खाली परवानगी लागते. वाऱ्याने पडलेल्या वाळक्या फांद्या आणि बागेची छाटणी यांवर एका चुलीचं वर्ष आरामात निघतं.

चुलीत काय जाऊ द्यायचं नाही

कण्हेर अजिबात नाही, वाळलेली काडीसुद्धा. तिचा धूर विषारी असतो. बिब्बा आणि शेर यांचा चीक कातडीला जसा बाधतो तसा धूर डोळ्यांना आणि घशाला बाधतो. काजूच्या टरफलांबद्दल लोक फसतात, कारण ती धडधडून पेटतात. त्यांच्यातल्या तेलाचा धूर भयंकर तिखट. मुलं बी भाजतात तेव्हा ती खळ्यात, वाऱ्याच्या बाजूला उभं राहून भाजतात, घरात कुणी भाजत नाही, ते यामुळेच.

रंग दिलेल्या जुन्या चौकटी, प्लायवूड, लॅमिनेटचे तुकडे घराच्या दुरुस्तीनंतर ढीगभर उरतात आणि 'लाकूडच तर आहे' असं वाटतं. त्यांत रंग, डिंक आणि रसायनं असतात. जुन्या तैलरंगात शिसंही असू शकतं. दुधाच्या पिशवीने चूल पेटवायची खोड आता सगळ्या गावाला लागली आहे. पिशवी पेटते लवकर हे खरं. तिचा वास भाकरीला लागतो हेही खरं.

तिसरी पायरी: पेटवणं, आणि त्याहून महत्त्वाचं, विझवणं

आधी चूल साफ करा. कालची राख अर्धीअधिक काढा, तळाला बोटभर थर राहू द्या. राखेने चूल भरलेली असेल तर लाकडाखाली हवाच जात नाही.

मग चुडताच्या, म्हणजे नारळाच्या झावळीच्या, वाळक्या पात्यांची एक मूठ, तिच्यावर करवंटीचे दोन तुकडे किंवा ढलप्या, त्यावर अंगठ्याएवढ्या काटक्या झोपडीसारख्या टेकवून. काडी लावा आणि हात मागे घ्या. इथे घाई होते. काटक्यांनी जाळ धरल्याशिवाय जाड फाटं ठेवायचं नाही. जाळ धरला की मनगटाएवढी दोन किंवा तीन फाटी, टोकं मधोमध एकमेकांना भेटतील अशी. जळायला हवीत ती टोकंच. जळतील तशी आत सरकवायची. चुलीच्या तोंडात सहा फाटी कोंबली तर हवेची वाट बुजते आणि तो डांबरी वास सुरू होतो. फुंकणी निखाऱ्यावर धरा, ज्वाळेवर नको. फुंक लांब आणि सावकाश.

भांडं ठेवताना एकदा वाकून बघा. चुलीचे तीन उंचवटे आणि भांड्याचं बूड यांच्यामध्ये बोटभर फट हवी. टोप मोठा असेल आणि चूल लहान, तर ही फट बंद होते आणि सगळा धूर पुढच्या तोंडातून तुमच्या तोंडावर येतो. भांड्याच्या बुडाला बाहेरून ओल्या मातीचा हात फिरवून ठेवा, घासताना काजळी मातीबरोबर निघून जाते. दूध, पेज, डाळ, सगळ्यांवर झाकण. स्निग्ध पदार्थ धुराचा वास पटकन ओढतात.

आता विझवण्याबद्दल. माझी सासू चुलीपाशी मला एकदाच रागावली, ती यावरून. भात झाला, मी टोप उतरवला आणि उठले. चुलीत अर्धी जळालेली तीन फाटी तशीच. ज्वाळ गेली आणि पांढरा, जाड, दोरीसारखा धूर निघायला लागला. मी पडवीत निवांत बसलेली. आई आतून म्हणाल्या, "अगो, चूल जेवली नाही अजून, आणि तू पान उचललंस!" मला अर्थ लागायला दिवस गेला. रांधण्याच्या तासाभरात होत नाही एवढा धूर नंतरच्या अर्ध्या तासाच्या धुमसण्याने घरात होतो.

म्हणून काम संपायच्या पाच-सात मिनिटं आधी नवीन लाकूड सरकवणं थांबवा. उरलेली फाटी बाहेर ओढा, पेटतं टोक राखेत किंवा वाळूच्या डब्यात उलटं खुपसा. मिनिटभरात धूर बंद. निखारे चुलीतच पसरून त्यांवर राख ओढा. पाणी ओतू नका. वाफेबरोबर राख उडते, चूल तडकते, आणि ओल्या जळक्या लाकडाचा जो वास सुटतो तो संध्याकाळपर्यंत हटत नाही. राखेत विझवलेली ती टोकं उद्याला पेटवण आहेत.

चौथी पायरी: धुराला वाट

जुन्या कौलारू घरात धुराडं नसायचं. धूर वर चढायचा, आढ्यापाशी रेंगाळायचा आणि कौलांच्या फटींतून बाहेर जायचा. घराला धूर लागत होता तो फुकट जात नव्हता. वाशांना आणि रिपांना भुंगा कमी लागायचा, चुलीवर टांगलेल्या बियाण्याला कीड लागत नसे. त्या घरात धुराची गणितं त्या छपराबरोबर जमलेली होती.

आपण काय करतो? येऊन पहिलं छत घालतो. मीही घातलं. कंत्राटदार म्हणाला, वरून कचरा पडतो, पीओपी करून घ्या, स्वयंपाकघर शहरासारखं दिसेल. दिसलं. पहिल्याच आषाढात एका सकाळी ओट्यावर चहाच्या रंगाचा थेंब पडलेला. बोटाने पुसला तर चिकट, हुंगला तर डांबर. वर बघितलं तर पांढऱ्या छताच्या सांध्यांतून तपकिरी रेघा खाली येत होत्या. धुराला कौलांपर्यंतची वाट उरली नव्हती, तो छताखाली कोंडत होता, गार पडत होता आणि दमट हवेत वितळून ठिबकत होता. दिवाळीत ते छत पाडलं. पैसे दोनदा गेले, घालायला आणि पाडायला.

छत हवंच असेल तर चुलीला धुराडं पाहिजे, आणि धुराड्याचे नियम साधे आहेत. नळी होईल तितकी सरळ उभी. आडवी नेली किंवा दोन-तीन कोपरे दिले की ओढ मरते आणि कोपऱ्यात काजळी साठते. छपरातून बाहेर आल्यावर ती किमान तीन फूट वर जावी, आणि दहा फुटांच्या आत जे काही उंच असेल, आढं, टाकी, भिंत, त्याच्याही दोन फूट वर. नाहीतर वारा आढ्यावरून घसरून धूर परत आत ढकलतो. वर पावसाची टोपी. नळी जिथे वाशांजवळून जाते तिथे लाकूड आणि लोखंड यांत अंतर ठेवा. वर्षातून दोनदा, पावसाआधी आणि दिवाळीच्या सुमारास, आतून काजळी पाडा. तो जाड थर पेट घेऊ शकतो.

धुराडं ओढतं कसं हे समजायचं असेल तर तांब्याचा बंब बघा. मधली नळी तापते, तिच्यातली हवा हलकी होऊन वर जाते आणि खालून नवी हवा आत ओढली जाते. नळी गार असेल तर सुरुवातीचा धूर उलटा येतो. धुराड्याचंही तसंच. पावसाळी सकाळी पेटवण्याआधी कागदाचा एक बोळा पेटवून नळीच्या तोंडाशी धरा, ती गरम होऊ द्या, मग चूल पेटवा.

एक्झॉस्ट पंखा लावलेल्या घरांत एक गंमत होते. खिडक्या बंद, पंखा जोरात, आणि धूर धुराड्यातून खाली येतोय. पंखा खोलीतली हवा बाहेर फेकतो, ती भरून काढायला हवा मिळेल तिथून येते, आणि सगळ्यात मोठं भोक धुराड्याचं असतं. चुलीच्या समोर खाली एक खिडकी किंवा दाराची खालची फळी उघडी ठेवा.

छत नसेल, कौलं असतील, तर चुलीच्या नेमकं वर दोन-तीन कौलांच्या जागी धूर जायला भोक ठेवून त्यावर थोडं उंच छोटं छप्पर करून घ्या. गावातला जुना सुतार हे काम डोळे मिटून करतो.

ज्याला वास नाही ते

कार्बन मोनॉक्साइडला वास नाही, रंग नाही. रक्तातल्या हिमोग्लोबिनला तो ऑक्सिजनपेक्षा दोनशेपट अधिक घट्ट चिकटतो. लाकूड धुमसताना तो असतोच, पण तिथे धूर तरी जाग्या माणसाला बाहेर काढतो. खरी भीती कोळशाच्या शेगडीची. लाल निखारे, धूर नाही, वास नाही, म्हणून माणसं ती खोलीत घेतात आणि थंडीत दार लावून झोपतात.

बाळंतिणीच्या खोलीत शेक-शेगडी आणि ओव्याची धुरी देतात, तिथे मी भांडते. दार-खिडकी उघडी असेल, शेक दिला आणि शेगडी बाहेर नेली, इतपत ठीक. रात्रभर खोलीत निखारे नकोत, आणि बाळाच्या अंगावर धूर तर अजिबात नको. डोकं जड होणं, गरगरणं, मळमळ, उगाच झोप येणं, आणि एकाच वेळी घरातल्या दोघातिघांना तसं होणं, ही खूण आहे. सगळ्यांना बाहेर उघड्यावर काढायचं आणि दवाखाना गाठायचा. चूल किंवा शेगडी घरात वापरणार असाल तर या वायूचा भोंगा मिळतो, तो बसवा.

पाचवी पायरी: बसलेला वास काढणं

वरचं सगळं झालं असेल तरच हे करा. नाहीतर महिन्याने पुन्हा बादली घेऊन उभे राहाल.

भिंत आधी कोरडी झाडायची. तोंडाला फडकं बांधा, कुंचा घ्या आणि वरून खाली या. पहिल्याच झटक्याला ओलं फडकं लावलं तर तेलकट काजळी भिंतीत चोळली जाते आणि पांढऱ्या भिंतीवर राखाडी नकाशे उमटतात. झाडून झाल्यावर बादलीभर कोमट पाण्यात दोन-तीन चमचे धुण्याचा सोडा आणि थोडी साबणाची पूड. हातमोजे घाला, सोडा कातडी खातो. धुताना मात्र खालून वर जायचं. वरून सुरुवात केली तर काळं पाणी कोरड्या भिंतीवर ओघळतं आणि त्या रेघा निघत नाहीत. मग साधं पाणी, आणि दोन दिवस उघडी हवा. मातीच्या भिंतीला हे पाणी लावू नका. ती फक्त झाडायची.

माती-जांभ्याच्या भिंतींना त्यानंतर चुना. चुन्यासारखं दुसरं काही नाही, धुरातला आंबटपणा तो मारतो आणि भिंत कोंडतही नाही. भिंतीला इमल्शन असेल तर थेट नवा हात देऊ नका. डांबरी डाग पाण्याच्या रंगातून वर येतात, पावसात हटकून. आधी तेलाच्या बेसचा प्रायमर.

कपड्यांचं सूत्र एकच: वास गेल्याशिवाय इस्त्री नाही. उष्णतेने तो धाग्यात पक्का होतो. आधी वारा-ऊन, मग धुणं, शेवटच्या पाण्यात अर्धी वाटी पांढरं व्हिनेगर. गाद्यांवर खायचा सोडा भुरभुरून रात्रभर ठेवा आणि सकाळी झटका. गोधड्या आणि घोंगड्या कडक उन्हात दोन दिवस, दोन्ही बाजूंनी. केसांना शिकेकाई-रिठा, आणि चुलीपाशी बसताना डोक्याला फडकं, जे सगळ्या बायका बांधायच्या आणि आपल्याला जुनाट वाटायचं.

उदबत्ती लावून वास जात नाही. उदबत्ती म्हणजे आणखी थोडा धूर. फवारे वासावर वास चढवतात. हवा शुद्ध करणारं यंत्र घेणार असाल तर नीट विचारून घ्या. त्यातली हेपा गाळणी बारीक कण धरते, वास धरायला आत सक्रिय कार्बनचा चांगला जाड थर लागतो. हा कार्बन पुष्कळदा नारळाच्या करवंटीपासूनच केलेला असतो. म्हणून चुलीतले करवंटीचे कोळसे वाटीत घालून कपाटात ठेवायचा सल्ला बायका देतात. थोडा उपयोग होतो, फार नाही, कारण आपला कोळसा कारखान्यात वाफेवर तापवून सच्छिद्र केलेला नसतो. मी बुटांच्या कपाटात ठेवते.

पावसाच्या पहिल्या दोन-तीन दिवसांत मात्र सगळं करूनही घर वास सोडेल. वाशांत पन्नास-साठ वर्षांचा धूर मुरलेला असतो, तो दमट हवेत जागा होतो. तेव्हा सुकी फाटी घालून अर्धा तास चांगला जाळ करा, दोन्हीकडची दारं उघडा, छप्पर सुकलं की तो बसतो. आमच्या चुलीवरच्या आढ्याचा वास मी काढलेला नाही आणि काढणारही नाही. तिथे बियाण्याची चार शिराळी टांगलेली आहेत.